तीन डोकी, एक कात्री

मास्तर आणि काजकाकी यांच्यातला अबोला अकरा दिवसांचा झाला होता आणि अजून त्यात चांगला दम होता. कारण काय, तर खडू. कापडावर आखणी करायचा चपटा खडू. मास्तरांचं म्हणणं, काकी हल्ली भिकार खडू आणतात, त्याची रेघ संध्याकाळी दिसत नाही आणि सकाळी दिसते, म्हणजे खडूतच काहीतरी खोट आहे. काकी म्हणाल्या, "खडू तोच आहे." पुढचं वाक्य त्यांच्या अगदी जिभेवर आलं होतं. ते त्यांनी गिळलं, आणि ते काही केल्या पचत नव्हतं.

दुकान एका खोलीचं. दारापाशी कटिंगचं टेबल, तिथे मास्तर. मागच्या खिडकीशी शिलाई मशीन, तिथे काकी. मधे इस्त्रीचं टेबल, पुरुषभर उंचीचा आरसा, आणि वर एक पंखा, जो दर फेरीला एकदा कण्हायचा. चौतीस वर्षं मास्तरांनी कापायचं आणि काकींनी शिवायचं असं चाललं होतं. काजं त्यांच्यासारखी दुसऱ्या कुणाला जमत नाहीत म्हणून गल्ली त्यांना काजकाकी म्हणायची. मास्तर नुसतेच मास्तर. अबोला होता म्हणून दोघांचं बोलणं थांबलं होतं असं नाही. मास्तर कात्री टेबलावर आपटायचे, त्यावर काकी मशीन दामटायच्या. गल्लीतल्या माणसाला नुसत्या आवाजावरून कळायचं की आत्ता कोण वरचढ आहे.

त्या दिवशी टेबलावर एक जुना लोकरीचा कोट उसवून पसरलेला होता. पाठ, पुढचे दोन भाग, दोन बाह्या. कोट मुख्याध्यापिका बाईंच्या नवऱ्याचा. सर दोन वर्षांपूर्वी गेले. डोंगरातल्या ज्या शाळेत त्यांनी हयात घालवली तिथल्या वाचनालयाला दुसऱ्या दिवशी त्यांचं नाव द्यायचं होतं, आणि बाईंना तिथे सरांचाच कोट घालून भाषण करायचं होतं. म्हणून तो बाईंच्या मापाचा करायचा. चार वाजता त्या न्यायला येणार, पाचची बस. असलं कापड आता कुठे विणत नाहीत. कात्री चुकली की खेळ खलास.

असं असताना मास्तरांनी तो कोट आठ दिवस खुंटीला नुसता टांगून ठेवला होता. कुणी विचारलं की म्हणायचे, "कापडाला जरा हवा लागू दे." माप कुठे लिहून ठेवावं, तर तेही नाही. मास्तरांनी जन्मात मापाची वही ठेवली नव्हती. वही ठेवावी ती डोकं नसलेल्यांनी, असं ते गिऱ्हाइकाच्या तोंडावर सांगत. एकदा टेप फिरवला की माप डोक्यात, ते माणूस मरेपर्यंत तिथेच.

खरी गोष्ट वेगळी होती. सहा महिन्यांपासून मास्तरांना जग भाताच्या वाफेतून बघितल्यासारखं दिसत होतं. डॉक्टरांनी सांगितलं, मोतीबिंदू, दोन्ही डोळ्यांत, दहा मिनिटांचं काम, एकदा चिरलं की मोकळे. हे 'चिरलं की मोकळे' ऐकून मास्तर जे उठले ते घरी आले आणि डॉक्टरांची चिठ्ठी बटणांच्या खणात तळाशी घालून ठेवली. ज्यानं आयुष्यभर कापलं त्याला कापणं म्हणजे काय ते डॉक्टरापेक्षा जास्त कळतं. एकदा कात्री फिरली की कापड माफ करत नाही, हे त्यांनी चाळीस वर्षं पाहिलं होतं. तर मग डोळा कसा करील? आणि हे काकींना कळलं तर त्या पहिल्यांदा कात्री काढून घेतील, मग दुकान जाईल, मग मास्तर दारात खुर्ची टाकून येणाऱ्या-जाणाऱ्याला वेळ विचारत बसतील. त्यापेक्षा अंदाजानं कापत राहावं, असा त्यांचा हिशेब.

अकराच्या सुमाराला जावई आला. लांब हातापायांचा, सभ्य, प्रत्येक वाक्याआधी हसणारा माणूस. खांद्याला ऑफिसची बॅग, एका हातात टेप, दुसऱ्या हातात गुळगुळीत कागदाचं एक माहितीपत्रक. कापड संपलं, आता फोनची कव्हरं चालतात, हे त्यानं मास्तरांना मागच्या महिनाभरात सात वेळा सांगितलं होतं. चार दिवस तो ऐन ऑफिसच्या वेळेला येऊन दुकानाच्या भिंती मोजत होता. रोज आत येऊन वर बघायचा आणि एकच वाक्य बोलायचा.

मास्तरांनी कात्री हातात धरून मनात म्हटलं, आता हा पंख्याकडे बघणार आणि म्हणणार, जुना झालाय हा पंखा, आणि आपलं दुकान जाणार.

मागे मशीनवर काकींनी मनात म्हटलं, आता हा पंख्याकडे बघणार आणि म्हणणार, जुना झालाय हा पंखा, आणि आपलं दुकान जाणार.

"जुना झालाय हा पंखा," जावई म्हणाला.

चौतीस वर्षांच्या संसारात दोघांच्या डोक्यात एकाच क्षणी, अक्षराला अक्षर लावून एकच विचार येण्याची ती पहिली वेळ होती. मास्तरांच्या कानात टिक् झालं. सुईत दोरा ओवल्यावर त्याला आवाज असता तर तो असा आला असता.

आणि मास्तरांना आपलं टक्कल मागून दिसलं.

त्यांना वाटलं आपल्याला झटका आला. ते टेबलाशी उभे होते, आणि त्याच वेळी मशीनवर बसलेही होते. डावा गुडघा दुखत होता, जो त्यांचा कधी दुखत नसे, आणि खिडकीतून येणारा उजेड इतका स्वच्छ होता की त्यांना रडू आलं. काकींच्या डोळ्यांनी दुकान असं दिसत होतं तर. कोपऱ्यातलं जळमटसुद्धा दिसत होतं. आणि मग काकींना मास्तरांच्या डोळ्यांतून दिसलं.

'हे असं दिसतं तुम्हाला?'

अकरा दिवसांतलं हे पहिलं वाक्य, आणि ते तोंडातून आलंच नाही. मास्तरांनी घाईघाईनं चिठ्ठी लपवायचं ठरवलं. पण लपवायचं म्हणजे आधी खण आठवणं आलं. खण आठवला, बटणं आठवली, बटणांखालची चिठ्ठी आठवली, आणि काकींनी ती सावकाश वाचून काढली. मनाला खण नसतो, ही मोठीच गैरसोय आहे.

पण गैरसोय दोघांची सारखीच होती. काकींनाही काहीतरी झाकायचं होतं, आणि झाकायला गेल्या तसं मास्तरांना दिसलं. रोज सकाळी मास्तर अंघोळीला गेले की काकी टेबलाशी येतात, मास्तरांनी आदल्या संध्याकाळी चाचपडत काढलेल्या वाकड्यातिकड्या रेघा फडक्यानं पुसतात आणि त्याच जागी सरळ, जाड, ठसठशीत रेघा ओढतात. सहा महिने. खडू तोच होता.

त्याच्याही खाली आणखी एक गोष्ट होती. काकी फोनवर मुलीशी हळू आवाजात बोलत होत्या: "पाठव जावयांना. भिंती मोजून जाऊ देत. यांच्याच्यानं आता होत नाही गं, आणि मला यांना ते तोंडावर सांगवत नाही."

मास्तर भडकले. पण नवराबायकोच्या भांडणाला समोर कुणीतरी लागतं, आणि समोर कुणी नव्हतंच. मास्तरांचा राग उसळला तसा तो काकींच्याही छातीत उसळला, आणि काकी त्यांच्यापेक्षा दुप्पट ताकदीनं स्वतःवरच चिडल्या. टोमणा मारायला जावं, तर तो जिथे लागायचा तिथे आधीच दुखत असायचं. असं भांडण करण्यात काय अर्थ आहे?

"आई, बाबा, बरं आहे ना?" जावयानं विचारलं. सासूसासरे दोन मिनिटं एकमेकांकडे बघत निश्चल झाले होते, आणि दोघांच्याही डाव्या डोळ्यातून पाणी येत होतं.

"बरं," मास्तर म्हणाले.

"आहे," काकी म्हणाल्या.

जावई घाबरला. टेकायला काही शोधू लागला, आणि हा भला माणूस थेट कटिंगच्या टेबलावर, पसरलेल्या कोटावर बसला. बसला तो बसला, वर अवघडल्यासारखा इकडून तिकडे सरकलाही.

नेमक्या त्याच वेळी दारात मुख्याध्यापिका बाई उभ्या राहिल्या.

बाई बुटक्या, काटकुळ्या. पस्तीस वर्षं शाळा चालवलेली नजर. ती नजर आधी जावयावर पडली, मग जावयाच्या बुडाखालच्या कोटावर. मास्तरांच्या मनात एकच शब्द आला, 'मेलो.' काकींच्या मनात अर्थातच तोच. आणि जावयाला कळलं की आपण कशावर बसलो आहोत, तेव्हा त्याच्याही मनात तोच आला, त्याच क्षणी.

टिक्.

"कोटावर कोण बसलंय?" बाईंनी विचारलं.

"जावई," तिघं एका सुरात म्हणाले. त्यात जावईही होता.

"मी चारला येते म्हणून आठवण करायला आले होते. तयार असेल ना?"

"चार वाजता," काकी म्हणाल्या.

"कोट," जावई म्हणाला.

"तयार असेल, बाई," मास्तरांनी वाक्य पुरं केलं.

बाईंनी तिघांकडे आळीपाळीनं पाहिलं. "नाटकबिटक बसवताय का?" एवढं म्हणून त्या गेल्या. तिघांनी एकदम श्वास सोडला, आणि तिघांनी एकदम जावयाचा उजवा कान खाजवला. म्हणजे ज्याचा त्यानं खाजवला, पण खाज जावयाची होती.

जावई टेबलावरून उठला आणि काय झालंय ते तिघांना काकींच्या डोळ्यांनी दिसलं. काकींनी सकाळी ओढलेल्या पांढऱ्या रेघा कापडावर उरल्या नव्हत्या. त्या जावयाच्या काळ्या पँटीवर होत्या. मुंढ्याची, म्हणजे बाही जोडायच्या जागेची, गोलाई तर मागच्या खिशावर अशी सुरेख उमटली होती की, जावयाला टेबलावर पालथं घालून तिथून रेघा परत उतरवून घ्याव्यात असा विचार त्या एका मनात येऊन गेला. जावयाला स्वतःलाही तो पटला होता.

आता जावयाचं मन उघडं पडलं. मास्तरांना ते बघायचं नव्हतं. सासऱ्यानं जावयाच्या मनात शिरावं, यापरती लाजिरवाणी गोष्ट नाही. पण शिरलेच होते. त्यांना वाटलं होतं, तिथे फोनची कव्हरं असतील, ओळीनं लावलेली, दुकान गिळायला टपलेली. तिथे एक बाग होती. बागेतला एक बाक होता. त्या बाकावर जावई डबा उघडून एकटाच जेवत होता. अडीच महिने.

कंपनीनं त्याला काढलं होतं. काढलं ते कसं, तर साहेबानं 'आपण सगळे एक कुटुंब आहोत' असं भाषण केलं, केक कापला, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या आणि दुपारी तीनच्या आत गळ्यातलं ओळखपत्र उतरवून घेतलं. माणसाला घालवायचंच असेल तर सरळ घालवा. त्याच्या तोंडात केक कोंबून टाळ्या वाजवणाऱ्यांना लाज कशी वाटत नाही, हे त्यांच्या कुटुंबालाच माहीत. तेव्हापासून हा रोज सकाळी बॅग घेऊन घरून निघायचा, वाचनालयात पेपर वाचायचा, बागेत डबा खायचा आणि संध्याकाळी दमून घरी जायचा. दम खराच लागायचा. खोटं बोलण्याइतकं थकवणारं दुसरं काम नाही. बायकोला त्यानं सांगितलं नव्हतं. ती फोनची कव्हरं ही त्याला बुडताना हाताला लागलेली एक फळी होती. सासऱ्याच्या भिंतीला कव्हरं टांगायचे खिळे ठोकायची वेळ येणार म्हणून त्याला महिनाभर झोप नव्हती, आणि तो जागरणाचा शीण आता मास्तरांच्या अंगात उतरला.

'मला तुमचं दुकान नको होतं, बाबा,' जावई म्हणाला. आतल्या आत.

'ते कळलं,' मास्तर म्हणाले. तेही आतल्या आत.

तेवढ्यात जावयाच्या खिशातला फोन वाजला. मास्तरांची मुलगी. जावयानं फोन कानाला लावला.

"कुठे आहात?" तिनं विचारलं.

अडीच महिन्यांची सवय. उत्तर तयारच होतं. पण मन एक आणि तोंडं तीन असली की कुठलं तोंड आधी उघडेल याचा भरवसा नसतो.

"मीटिंगमध्ये आहे," मास्तर फोनकडे वाकून म्हणाले.

"बाबा? तुम्ही कसल्या मीटिंगमध्ये?"

"कापडाच्या," जावई म्हणाला.

"आणि हे कोण बोललं? तुम्ही ऑफिसात नाही का? आई कुठे आहे?"

"मीही मीटिंगमध्येच आहे गं," काकी म्हणाल्या, आणि त्यांनीच फोन बंद केला.

सव्वाअकरा झाले होते. तिघांनी आधी सुटायची खटपट केली. एकसारखा विचार आल्यानं चिकटलो, तर वेगळे विचार केले की सुटू, असं जावयानं सुचवलं. मास्तरांनी कांद्यांचा विचार करायचा, काकींनी नदीचा, जावयानं तेराच्या पाढ्याचा. लगेच तिघांच्याही डोक्यात नदीकाठी बसून कांदे चिरणारा कुणीतरी तेराचा पाढा म्हणू लागला, आणि तेर सत्ते याला तिघंही अडले. खटपट तिथेच संपली.

'कोट,' त्या मनानं म्हटलं. 'आधी कोट.'

आणि मग चौतीस वर्षांत झालं नव्हतं असं काम त्या दुकानात सुरू झालं. बघायला जावयाचे कोवळे डोळे, कापायला मास्तरांचा हात, रेघेची सरळ चाल काकींची. मास्तरांनी खडू टेकवला आणि एका दमात पाठ आखली. सहा महिन्यांत पहिल्यांदा त्यांना आपलीच रेघ आपल्याला हवी तिथे जाताना दिसली. त्यांनी कात्री उचलली, आणि ती भलतीकडेच वळली. जावई डावरा होता. मास्तरांच्या उजव्या हातात कात्री होती आणि मन डाव्या हातानं कापू बघत होतं. कापडापासून दोन बोटं वर, हवेतच, कात्री एकदा इकडे आणि एकदा तिकडे झेपावली.

'जावईबापू, हात मागे बांधा,' मास्तरांनी मनात म्हटलं. जावयानं हात पाठीमागे धरले, डोळे मात्र कापडावर ठेवले. मग कात्री सरळ गेली. लोकरीतून कर्र कर्र असा आवाज येऊ लागला. तो ऐकून मास्तरांना इतकं बरं वाटलं की मागे काकी स्वतःशीच गुणगुणायला लागल्या.

माप कुणी विचारलंच नाही. बाहीची लांबी म्हटलं की लांबी आठवायची, पोटाचा घेर म्हटलं की घेर हजर. डोकं आता तिप्पट झालं होतं, मग माप चुकेलच कसं?

दुपारपर्यंत पाठ जोडली, बाह्या लागल्या. टाचणी हवी म्हणून कुणी कुणाला हाक मारली नाही. हात पुढे केला की टाचणी हातात. इस्त्री तापली की नाही हे कुणी विचारलं नाही. एकदा जावयाला इस्त्रीचा चटका बसला, तर काकींनी आपलं बोट तोंडात घातलं आणि मास्तर हातावर फुंकर मारू लागले. तहान काकींना लागली आणि पाणी तिघं प्याले. सगळं इतकं सुरळीत चाललं होतं की मास्तरांना भीती वाटायला लागली. चुकलं तर ढकलायचं कुणावर? 'तरी मी सांगत होते' म्हणायला काकी नाहीत, 'तुला काय कळतंय' म्हणायला आपण नाही. कधी नव्हे ते त्यांना खडूवरून भांडणारी बायको समोर हवीशी वाटली. काकींनाही तसंच वाटलं, हे त्यांना लगेच कळलं, आणि ते मान खाली घालून अस्तर टाचत राहिले.

अस्तर टाचता टाचता एकदा चिठ्ठीचा विषय निघाला. 'दहा मिनिटांचंच आहे हो ते,' काकींकडून आलं. उत्तर म्हणून मास्तरांच्या डोक्यातून एक डोळा, एक कात्री आणि चुकलेलं कापड असं चित्र आलं. काकींनी ते नीट बघितलं. हसल्या नाहीत. जावयानं त्यात आपलं एक चित्र ठेवलं: त्याच्या आईचं असंच ऑपरेशन झालं होतं आणि डोळ्यावरची पट्टी निघाल्याबरोबर ती त्याला पहिलं वाक्य बोलली होती, 'किती वाळलास रे.' मास्तरांची सुई बराच वेळ एकाच जागी थांबून राहिली.

पावणेचारला शेवटचं बटण लागलं. चारला दोन मिनिटं कमी असताना बाई आल्या, हातात प्रवासाची पिशवी. कोट अंगात घातला आणि आरशासमोर उभ्या राहिल्या.

खांदे बसले होते. तिथून खाली सगळी बोंब होती. बाह्या बोटांच्या टोकांपर्यंत आलेल्या, आणि पोटाशी एवढी जागा की दोन मांजरी तिथे सुखानं राहिल्या असत्या.

मास्तरांनी ती बाही जावयाच्या डोळ्यांनी पाहिली आणि त्यांना कळून चुकलं. माप डोक्यातूनच आलं होतं. कुणाच्या डोक्यातून, एवढंच बघायचं राहिलं होतं. बाहीची लांबी म्हटल्यावर त्या मनाला आपला हात आठवला होता, आणि सगळ्यांत लांब हात जावयाचा. खांदे काकींचे. आणि पोट. पोट कुणाचं हे सांगायची गरज नव्हती.

"ही बाही कुणाच्या हाताची?" बाईंनी आरशातूनच विचारलं.

जावयानं दोन्ही हात पाठीमागे नेले.

"आणि हे पोट?"

तिघांनीही पोट आत ओढून धरलं.

बाईंनी हात वर केले, बाह्या लोंबल्या. त्यांनी एक हात खिशात घातला आणि तसाच ठेवला. बाहेर कुणाची तरी सायकल गेली. पंखा एकदा कण्हला, दुसऱ्यांदा कण्हला. त्या एका मनात हिशेब चालू होता. चाळीस वर्षांचं नाव गेलं, कापड गेलं, सरांचा कोट गेला.

आणि बाई हसायला लागल्या. आधी खांदे हलले, मग आवाज आला.

"हे असतानाच्या शेवटच्या हिवाळ्यात मी एकदा यांचा कोट घालून दूध आणायला गेले होते," त्या म्हणाल्या. "अशीच दिसत होते. हे दारात उभे. मला बघून म्हणाले, आत कुणी आहे का?" त्यांनी खिशातून हात काढून डोळे पुसले, पुसले ते बाहीनंच, लांब होती म्हणून सोपं गेलं. "मापात करून घे असं मुलगा म्हणाला. स्टेजवर बुजगावणं दिसशील म्हणाला. आता मी त्याला काय सांगणार? मापात झाला असता तर मी घातलाही असता हो मास्तर. पण मजा आली नसती."

"बाह्या तेवढ्या दुमडून दोन टाके घालून देते," काकी म्हणाल्या, "म्हणजे माइक धरता येईल."

सकाळपासून तिघांना मिळून धरून ठेवलेली भीती तिथे सैल झाली. मास्तरांना स्पष्ट जाणवलं. त्यांना वाटलं, डावा खांदा सूतभर उतरलाय. काकींना वाटलं, बाईंनी दुपारी काही खाल्लेलं दिसत नाही. जावयाला वाटलं, म्हणजे मी कोटावर बसलो होतो त्याचं आता कुणी काही काढणार नाही. तीन माणसं, तीन चिंता, ज्याची त्याच्यापाशी.

टिक्. टिक्.

आणि दुकान पुन्हा भाताच्या वाफेत गेलं. मास्तरांनी टेबलाची कड धरली. गुडघा दुखायचा थांबला होता. त्यांना एकदम एकटं एकटं वाटलं.

काकींनी टाके घातले, डब्यातली उरलेली पोळीभाजी बाईंच्या पिशवीत सरकवली आणि बाई बाह्या सावरत बसला गेल्या. मग दुकानात तिघं उरले. कुणी कुणाकडे बघेना. एकमेकांचं सगळं माहीत झाल्यावर माणसानं बोलायचं तरी काय?

मास्तरांनी घसा खाकरला.

"जावईबापू, तुमच्या ऑफिसात रजा मिळते का?"

जावयाचा चेहरा उतरला, मग लाल झाला. "किती दिवसांची?"

"महिनाभराची. माझं डोळ्यांचं एक बारीकसं काम आहे. तोवर दुकान उघडं राहायला हवं. कापायचं नाही, शिवायचं नाही. नुसतं बसायचं. बसता तुम्ही चांगलं."

काकींनी तोंड मशीनकडे वळवलं.

"विचारायला लागेल साहेबांना," जावई म्हणाला.

"विचारा की," काकी पाठमोऱ्याच म्हणाल्या. "आग्रह धरून विचारा. सोडू नका."

जावई फोन घेऊन बाहेर पायरीवर गेला. फोन बंद होता. काळ्या काचेवर नुसता उन्हाचा उजेड चमकत होता, मास्तरांनासुद्धा तेवढं दिसलं. तो कानाला लावून जावई दोन मिनिटं बोलला. "हो सर... नाही, घरातलीच अडचण आहे... सासऱ्यांचं आहे... हो, माझ्याशिवाय कुणी नाही त्यांना." हे शेवटचं वाक्य त्याला नीट बोलता आलं नाही, दोनदा बोलावं लागलं. मग तो आत आला.

"दिली," तो म्हणाला.

"भली माणसं आहेत," मास्तर म्हणाले.

"हो. तशी आहेत."

"आणि घरी," काकी हलकेच म्हणाल्या, "घरी मात्र चालू फोनवर बोला. ती माझी मुलगी आहे. रडेल, चिडेल, पण डबा उद्या दुकानात पाठवील."

जावयानं मान हलवली. टेबलावरचं माहितीपत्रक उचललं, घडी घातली आणि पंख्याखालच्या डुगडुगणाऱ्या स्टुलाच्या पायाखाली सारून दिलं. कागद चांगला जाड होता, स्टूल डुलायचं थांबलं. वर पंखा कण्हला. तिघांनीही एकदम वर पाहिलं, आणि लगेच तिघांनी तीन दिशांना तोंडं फिरवली. उगाच पुन्हा काही जुळायला नको.

जावई गेल्यावर मास्तर बटणांच्या खणाशी गेले. चाचपून चिठ्ठी काढली आणि कुणी मागितली नसताना काकींच्या मशीनवर ठेवली. मग टेबलाशी येऊन उद्याच्या शर्टाचं कापड पसरलं, खडू घेतला, वाकले. बराच वेळ वाकून राहिले.

"भिकार खडू आहे हा," ते म्हणाले.

"खडू तोच आहे," काकी म्हणाल्या.

"माहीत आहे." मास्तरांनी खडू त्यांच्या बाजूला टेबलावर सरकवला. "रेघ जरा जाड काढत जा म्हणतोय."